पाच बोल्टांचं चाक

भारी धान पिवळं पडायला लागलं, की मला गाड्यांची चाकं दिसायला लागतात. रस्त्यानं जाणारी गाडी कुणाची, आत कोण बसलंय, हे मी बघतच नाही. चाकाला बोल्ट किती, ते मोजते. चार असले तर नजर पुढे जाते. पाच असले की गाडी वळणाआड जाईपर्यंत बघत राहते. माझी भाची म्हणते, "मावशी, तुझं काहीतरी बिनसलंय." बिनसलं असेल. इतकी वर्षं नर्सबाई म्हणून रानावनात काढल्यावर माणूस एवढंच बिनसलेलं राहिलं, हेच पुष्कळ.

परवा तिच्याच गाडीच्या रिमा बदलायच्या होत्या. गाडी पंधरा वर्षांची, पण मालकिणीला हौस दांडगी. मूल गावच्या रस्त्यावर एका दुकानात थांबलो. भिंतीभर चकचकीत रिमा टांगलेल्या. दुकानदार पोरगेलासा, चटपटीत. म्हणाला, "बसा खुर्चीवर, आत्ता मोजतो." मी म्हटलं, "पाच बोल्ट आहेत. एकाच्या समोर दुसरा येतच नाही. कसं मोजणार?" तो मग हसून म्हणाला, "आजी, तुम्ही गॅरेजमध्ये होत्या का?" दुकानामागच्या बांधीत धानाची कापणी चालली होती. विळ्यांचा खसखस आवाज आणि कापलेल्या ओल्या धानाचा तो हिरवट गोड वास एकदमच अंगावर आला. मी खुर्चीवर बसले.

तेव्हा चंद्रपूरला चांदा म्हणत आणि गडचिरोली ही त्याचीच एक तहसील होती. मी चोवीस वर्षांची. नागपूरला शिकून आलेली, पांढऱ्या साडीची, पायात बूट घालणारी आणि जिभेनं तिखट. सावली गावाच्या अंगाला, जंगलाला टेकलेल्या एका गावात मला एकटीला बसवलं होतं. दोन खोल्यांचा दवाखाना, एक कंदील, एक स्टोव्ह आणि औषधांचं कपाट. मोठा दवाखाना चांद्याला. म्हणजे आधी मूलपर्यंत चौदा मैल कच्चा रस्ता आणि मूलच्या पुढे त्याच्या दुप्पट वाट. मूलहून चांद्याला छोटी रेल्वे जायची, पण तिची वेळ आणि कुणा बाईच्या कळांची वेळ जुळेल, याची हमी कोण देणार?

त्या चौदा मैलांत मोटार एकच. तुळशीरामभाऊची. मालगुजारी, म्हणजे तिकडची जमीनदारी, नुकतीच गेली होती आणि मालगुजारांनी हौसेनं घेतलेल्या विलायती गाड्या एकेक करून बाहेर पडत होत्या. तुळशीरामभाऊ एका मालगुजाराकडे अठरा वर्षं ड्रायव्हर होता. गाडी त्याच्याकडे आली, की तो गाडीकडे राहिला, हे सांगणं कठीण. गाडीच्या कंपनीचं नाव मी सांगत नाही. कंपनीच्या साहेबानं ती येऊन बघितली असती, तर त्यानंही ओळख दिली नसती. भोंगा वाजत नसे. वळण आलं की तुळशीरामभाऊ दारावर तळहात आपटून ओरडायचा. पण गाडी चालायची. बाजाराला माणसं न्यायची, वऱ्हाड न्यायची आणि माझ्या सांगण्यावरून दोनदा तिनं बाळंतिणी चांद्याला पोचवल्या होत्या. म्हणून त्या गाडीवर माझा जीव होता.

तिकडे हंगाम दोनदा येतो. आधी हलकं धान, मग भारी. हलकं धान कापून होतं तोवर दिवाळी उरकते. भारी धानाला मात्र थंडी लागते. सकाळी तळ्यावरून धुकं उठायचं आणि बदकांचे थवे पाण्यावर उतरताना चराचरा आवाज यायचा. बांधीतून वाकलेल्या बायकांच्या रांगा दिसायच्या आणि त्यांच्या मागे भारे बांधणारे पुरुष. खळ्यावर बैल गोल गोल फिरत. हवेत भुसा. माणसांच्या पापण्यासुद्धा पिवळ्या व्हायच्या. त्या दिवसांत आजारी पडायलाही कुणाला सवड नसे. दवाखान्याच्या ओट्यावर मी एकटी बसून असायची आणि मला उगाचच राग यायचा.

सायत्राचे दिवस त्याच हंगामात भरायचे होते.

ती धिवराची. नवरा डोमा तळ्यात जाळं टाकायचा आणि कापणीच्या दिवसांत दोघंही धान कापायला जायची, वर्षाचे तांदूळ त्यातूनच यायचे. सायत्रा विशीची असेल. बारीक चणीची, अंगानं सुतळीसारखी, पण डोळे हसरे. मी गावात यायच्या आदल्या वर्षी तिचं पहिलं बाळंतपण झालं होतं. तीन दिवस कळा. तिसऱ्या दिवशी बाळ आलं ते गेलेलंच. कुणी मला हे सांगितलं तेव्हा मी तिला बोलावून घेतलं आणि पेटीतून पेल्व्हिमीटर काढला. पोटुशी बाईच्या कमरेची हाडं बाहेरून मोजायचं ते दोन वाकड्या टांगांचं यंत्र. टोकांना बारीक गोळ्या, मध्ये पट्टी, पट्टीवर आकडे. गावातल्या बायका त्याला खेकडा म्हणायच्या.

"बाई, हा खेकडा चावते का?" सायत्रानं विचारलं होतं.

चावला नाही. पण आकडा दाखवला तो माझ्या वहीतल्या आकड्यापेक्षा जवळजवळ दीड इंच कमी. मी पुन्हा मोजलं. तेवढाच. मला आठवतं, मला वाईट वाटायच्या आधी बरं वाटलं होतं. पहिलं बाळ का गेलं, ते मला कळलं होतं. मी डोमाला समोर बसवून सांगितलं, की हे मूल सरळ वाटेनं येणार नाही. चांद्याला न्यायचं आणि पोट उघडून काढायचं.

डोमाचा चेहरा उतरला. "पोट फाडतेत, बाई?"

"फाडू दे," सायत्राच म्हणाली. "यावेळी मले त्याले रडताना आयकाचं आहे."

एवढंच तिचं मागणं होतं. मी तिला शब्द दिला. चोविसाव्या वर्षी शब्द द्यायला काही लागत नाही.

तिच्या दिवसांचा हिशेब धानाचा. "रोवणी चालू होती तवा पोटात फिरलं," ती म्हणायची. धानाच्या लावणीत बाळ पहिल्यांदा हललं, त्यावरून मी वहीत तारीख काढली, ती मार्गशीर्षाच्या मध्यावर आली. मला तिला पंधरा दिवस आधीच न्यायचं होतं. तिला भारी धान कापल्याशिवाय हलायचं नव्हतं. भांडून भांडून आठ दिवस आधी निघायचं ठरलं. तुळशीरामभाऊला मी दिवस सांगून ठेवला आणि बजावलं, की त्या दिवशी लग्न असो की मरण, गाडी माझी.

आणि कापणी ऐन भरात असताना, बाजारची माणसं घेऊन येताना, जंगलातल्या नाल्यात गाडीचं पुढचं डावं चाक दगडांत आपटलं.

टायर वाचला. रिमेला तडा गेला. एका बोल्टाच्या भोकापासून दुसऱ्या भोकापर्यंत केसाएवढी रेघ. तुळशीरामभाऊनं रेघेत नख घातलं, तर नख आत गेलं. स्टेपनीची रिम आधीच वाकडी होती. ती तो फक्त शोभेला मागं बांधून हिंडायचा. गाडी कशीबशी गावात आणून वारलू सुताराच्या अंगणात लाकडावर उभी केली. चाक काढलेली ती गाडी बघून मी बोटांवर दिवस मोजले. सायत्राला वीस-बावीस दिवस राहिले होते.

"काऊन घाबरून राह्यल्या, बाई?" तुळशीरामभाऊ म्हणाला. "नागपूरले जुन्या मालाची दुकानं आहेत. माप धाडतो. आठ दिवसांत रिमा येतेत."

माप घ्यायला वारलू सुतारच पुढे झाला. पंचक्रोशीतल्या बैलबंड्यांची चाकं त्याच्या हातची. चाकाचं माप वारलूनं नाही घ्यायचं तर कुणी? आणि मोटारीचं झालं तरी चाकच ना. त्यानं बांबूची एक कांब घेतली. पाच बोल्ट बघून थोडा वेळ उकिडवा बसून राहिला, कारण एका बोल्टाच्या बरोबर समोर दुसरा बोल्ट नव्हता. मग त्यानं एक बोल्ट धरला, शेजारचा सोडला आणि त्याच्या पलीकडच्या बोल्टापर्यंत कांब लावली. हुशार माणूस. खूण केली, तिथं कांब तोडली, डोळ्यासमोर धरली आणि विळ्यानं टोकावरून एक पातळसा छिलका काढला.

तो छिलका पडताना मी पाहिला. का काढला, ते विचारलं नाही. मला वाटलं, टोक साफ करत असेल.

कांब नागपूरला गेली. आम्ही वाट बघत बसलो. मी रोज वारलूच्या अंगणात जाऊन त्या लंगड्या गाडीकडे बघून यायची. जणू माझ्या बघण्यानं तिला चाक फुटणार होतं. सायत्रा कापणीहून परतताना तिथं थांबायची. पोटावर हात ठेवून, डोक्यावर चाऱ्याची पेंढी घेऊन, विचारायची, "आलं का चाक?" मी म्हणायची, "येईल." ती म्हणायची, "येईन ना. तुमी म्हनून राह्यल्या तं येईनच." मला तिचा तो विश्वास नकोसा व्हायचा. तिनं कुरकुर केली असती, तर मला बरं वाटलं असतं.

रिमा आल्या, त्या दहाव्या दिवशी. दोन, काळ्या रंगाच्या, गोणपाटात शिवलेल्या. तुळशीरामभाऊनं हबवर पहिली चढवली. दोन बोल्ट भोकांतून बाहेर आले. तिसरा भोकाच्या कडेशी येऊन अडला. फिरवून बघितलं. पुन्हा दोन आत, तिसरा बाहेर. दुसऱ्या रिमेचंही तेच. वारलूची कांब परत आली होती. ती त्या रिमेच्या भोकांना लावली, तर तंतोतंत. म्हणजे दुकानदारानं कांबेप्रमाणे बरोबर माल दिला होता.

अंगणाच्या दुसऱ्या टोकाला त्याच वेळी वारलूचं रोजचं काम चाललं होतं. बंडीच्या लाकडी चाकावर लोखंडी धाव चढवायची होती. शेणाच्या गोवऱ्यांच्या रिंगणात ती धाव लालभडक झालेली. चौघांनी चिमट्यांनी उचलून ती चाकावर बसवली, लाकडानं पेट घेतला, बायकांनी घागरीनं पाणी ओतलं. वाफ उठली, लोखंड आक्रसलं आणि चाकाचे सगळे सांधे करकरत एकमेकांत शिरले. वारलू समाधानानं म्हणाला, "लोखंडाले जरा उपाशी ठेवा लागते. मंग ते लाकडाले धरते."

माझ्या डोक्यात लख्ख प्रकाश पडला. धाव नेहमी चाकापेक्षा लहान करतात. तापवली की फुलते, निवली की आवळते. जन्मभर त्यानं लोहाराला जे माप दिलं, ते थोडं कमी करूनच दिलं. आमच्या रिमेलाही त्यानं उपाशी ठेवलं होतं. मी त्याला विचारलं, "वारलूजी, किती छिललं होतं?"

तो ओशाळला. "तांदूळभर, बाई. हाताची सवय. आपसूकच होते."

मला त्याच्यावर ओरडायचं होतं. ओरडले नाही, कारण म्हातारा रडायच्या बेतात होता. ओरडले ते तुळशीरामभाऊवर. तो तोवर कानस घेऊन बसला होता. म्हणाला, "तांदूळभराचीच तं गोष्ट आहे. भोकं घासून मोठी करतो, झालं."

"आणि नट कशावर बसेल? भोक लांबडं झालं की नट हलणार. वाटेत चाक निघालं तर?"

"अशी लय चाकं चालवलो मी, बाई."

"त्यात सायत्रा नव्हती!"

त्यानं कानस खाली ठेवली. दिवस राहिले होते अकरा-बारा.

आता या वयात मी कधी कधी त्या वारलूचा विचार करते. त्याची चूक अडाणीपणाची नव्हती. आपल्या कामात तरबेज असलेल्या माणसाचीच ती चूक. नवखा सुतार असता, तर त्यानं जे आहे ते मोजलं असतं. हात इतका शिकलेला होता, की डोळ्यांना विचारेनासा झाला होता. त्या दिवशी मात्र मी हे काही म्हणाले नाही. मी पाय आपटत दवाखान्यात गेले आणि खेकडा घेऊन आले.

सगळं अंगण हसलं. कमरेच्या हाडांचं यंत्र मोटारीच्या हबला! मी वाकले, एका बोल्टाच्या मधोमध एक गोळी टेकवली, शेजारचा सोडून पलीकडच्यावर दुसरी. पट्टी वाचली. सव्वाचार इंच आणि वर किंचित. पाचही जोड्या मोजल्या, पाचही सारख्या. मग मधलं भोक मोजलं, टायरचा आकडा लिहून घेतला. वहीत सायत्राच्या पानासमोरच जागा होती, तिथं लिहिलं. हसणारे हळूहळू थांबले. मला फार मोठं काहीतरी केल्यासारखं वाटलं.

पुन्हा नागपूरला धाडायला वेळ नव्हता. तुळशीरामभाऊला आठवलं, की मूलला एका लाकूड ठेकेदाराच्या आवारात लढाईच्या वेळच्या मोडक्या गाड्यांचा ढीग आहे. दुसऱ्या दिवशी आम्ही दोघं बैलबंडीनं निघालो आणि उन्हं चढेस्तोवर पोचलो. आवारात गवत कमरेएवढं. गंजक्या लॉऱ्या, इंजिनं काढलेल्या, बॉनेटमध्ये मधमाश्यांची पोळी. सागाच्या ओंडक्यांचा कडवट वास. जवळच्या राईस मिलचा भोंगा वाजला, की भुश्याचा लोट यायचा. राखणीला एक म्हातारा मिस्त्री होता. माझ्या हातातला खेकडा बघून तो म्हणाला, "बाई, ये क्या चीज है?"

"बच्चे का रास्ता नापते हैं," मी म्हटलं.

त्यानं कानाला हात लावला. पण मग आमची गोष्ट ऐकून तो स्वतः गवतात शिरला. चाळीसेक रिमा उलट्यापालट्या केल्या असतील. कुणाला सहा भोकं, कुणाला आठ. पाच भोकांच्या निघाल्या सात. मी एकेकीला खेकडा लावत गेले. पाच बाद झाल्या. सहावी तंतोतंत. मी ओरडलेच. मिस्त्रीनं ती हातात घेतली, आडवी धरली, एक डोळा मिटून बघितली आणि फेकून दिली.

"बोल्ट मिला तो क्या हुआ? गहराई देखो. अंदर ड्रम को घिसेगी."

रिमेला खोलीही असते, परातीसारखी, हे मला माहीत नव्हतं. भोकं जुळली, गोलाई जुळली, तरी आत किती गेली आहे, त्यावर चाक फिरणार की नाही हे ठरतं. मी हिरमुसले. उरलेली सातवी एका मोडक्या ट्रेलरखाली मातीत रुतलेली होती. ती उकरून काढली. भोकं बरोबर. मधलं भोक बरोबर. खोली मिस्त्रीनं पट्टी आडवी टाकून तीनदा बघितली आणि मान हलवली. एकच होती. दुसरी नाहीच. म्हणजे स्टेपनीशिवाय जायचं.

मिस्त्रीनं गंज खरवडून तिला शेंदरी रंग दिला आणि बजावलं, "रंग दबता है, तो नट ढीला पड़ता है. रास्ते में उतर के देखना. फिर देखना. नहीं तो पहिया हाथ में आएगा."

हे वाक्य मी मनावर कोरून घेतलं.

चाक बसलं. पाचही बोल्ट अलगद भोकांतून बाहेर आले, तेव्हा वारलू सुतारानं दोन्ही हात जोडले. सायत्रा तिथंच उभी होती. तिनं नव्या रिमेवरून बोट फिरवलं, बोटाला लागलेला शेंदूर बघितला आणि हसली. अजून आठ-नऊ दिवस होते. पहिल्यांदाच मला पोटभर जेवण गेलं.

दुसऱ्या दिवशी सूर्य उगवताना डोमा धावत आला. कळा सुरू झाल्या होत्या. माझा हिशेब चुकला, की बाळाला घाई झाली, कोण जाणे. मी पेटी उचलली. सायत्राला मागच्या सीटवर आडवी केली, तिचं डोकं डोमाच्या मांडीवर. मी पुढं तुळशीरामभाऊशेजारी, म्हणजे त्या नव्या चाकाच्या बाजूला, दाराबाहेर डोकं काढून. दोन्ही अंगांना बांधी कापून मोकळ्या पडलेल्या. काही ठिकाणी भारे अजून उभे. बायका विळे थांबवून आमच्याकडे बघत होत्या.

मला एकच भीती होती. नागपूरला शिकताना मी एक बाई पाहिली होती. बाळाला वाट नव्हती आणि घरच्यांनी तिला जोर लावायला लावला. तिची गर्भपिशवी आतल्या आत फुटली. ती माझ्यासमोर पांढरी पडत गेली. म्हणून मी मागं वळून सायत्राला सांगितलं, "ऐक. कितीही वाटलं तरी जोर लावायचा नाही. तोंडानं श्वास घ्यायचा. चांदा येईपर्यंत धरून ठेवायचं."

"हाव, बाई," ती म्हणाली.

ज्या नाल्यात जुनं चाक फुटलं, तो ओलांडल्यावर तुळशीरामभाऊनं गाडी थांबवली. मी उडी मारून उतरले. पान्यानं एकेक नट बघितला. दोन नट अर्धा फेरा सरकले. मिस्त्री खरंच बोलला होता. डोमा आतून म्हणाला, "बाई, इले पाहा ना एकदा."

"चाक बघू दे आधी."

सायत्रानं मान उचलली. घामानं केस कपाळाला चिकटले होते. "बसलं का चाक?"

"बसलं. चला."

मूलला राईस मिलसमोर पुन्हा थांबलो. रेडिएटरला पाणी हवं होतं. माणसं जमली. मी नट कसले, एकच पाव फेरा सरकला. रिमेवर तळहात ठेवून बघितला, फार तापली नव्हती. मला केवढं हायसं वाटलं. उठले तर सायत्रानं खिडकीतून माझा पदर धरला. "बाई, खाली भार येऊन राह्यला. लय भार."

"आवर. ते वाटतं तसं. वाट नाही तिथं, जोर लावलास तर तू जाशील. कळलं?"

तिनं पदर सोडला आणि तोंडानं श्वास घ्यायला लागली. मी शिकवला तसाच.

अंधारी नदी ओलांडून सागाच्या जंगलात शिरलो, तेव्हा चाकातून टक टक आवाज यायला लागला.  तुळशीरामभाऊनं ब्रेक दाबला. मी उतरले. नट बघितले, घट्ट. रिमेला तडा शोधला, नाही. मग त्यानं गाडी हातभर पुढे घेतली आणि टायरच्या खाचेत अडकलेला एक गारगोटीचा दगड दिसला. बोटभर. मी तो उपसून काढला आणि रस्त्याच्या मधोमध उभी राहून हसले. तुळशीरामभाऊही हसला. त्या जंगलात आम्ही दोघं खुळ्यासारखे हसत होतो. डोमा हसला नाही. सायत्रानं त्याच्या खांद्यावरचं धोतराचं टोक दातांत धरलं होतं आणि तिच्या गळ्याच्या शिरा टरटरून आल्या होत्या. "थोडंच राहिलं," मी तिला म्हटलं आणि पुढं जाऊन बसले.

चाक चांद्यापर्यंत टिकलं. दवाखान्याच्या दारात आम्ही तिला उतरवलं. मी धावतच आत जाऊन डॉक्टरांना आकडे सांगितले, सगळे, पाठ होते. त्यांनी हत्यारं उकळायला टाकायला सांगितली आणि सायत्राला टेबलावर घेतलं. हात धुऊन तपासलं. मग माझ्याकडे वळून बघितलं.

"डोकं तर अगदी दाराशी आहे. केव्हाचंच."

मला काही समजलं नाही. मी म्हटलं, "पण माप..."

सायत्रा डॉक्टरांकडे बघतच नव्हती. ती माझ्याकडे बघत होती. ओठ दातांनी फाटलेले. म्हणाली, "बाई, आता लावू जोर?"

मी "लाव" म्हणाले. 

चार वेळा तिनं जोर लावला आणि मुलगी आली. निळी. न रडणारी. डॉक्टरांनी तिला पायांना धरून उलटी केली, तोंड साफ केलं, पाठ चोळली, छातीवर फुंकलं. मी मोजत होते. दुसरं काही मला येतच नव्हतं. साठाच्या पुढं मोजणं विसरले. सायत्रा छताकडे बघत, श्वास धरून ऐकत होती. आणि मग ती पोर रडली. बारीक, चिडकं, मांजराच्या पिलासारखं. सायत्रानं डोळे मिटले आणि ते रडणं थांबेपर्यंत उघडले नाहीत.

नंतर मी तिच्याजवळ गेले. ती दमलेल्या आवाजात, काहीच तक्रार नसल्यासारखी म्हणाली, "मी तं मूललेच व्याली असती, बाई. तुमी नाई म्हनल्या म्हनून धरून ठेवली."

बाहेर व्हरांड्यात डॉक्टर हात पुसत उभे होते. भला माणूस. म्हणाले, "आणलंत ते बरं केलंत. पहिल्या खेपेचं ऐकून मीही आणाच म्हटलं असतं. बाहेरून घेतलेल्या मापावर मात्र इतकं विसंबू नये. वाटेत कुठं थांबला होता का?"

"तीनदा," मी म्हटलं.

"मग तेव्हा तपासलंत, तर डोकं कुठं होतं?"

 तीनदा उतरले होते मी. तिन्ही वेळा चाकापाशी.